माहुल-शिवडी : एका चिखलाचे दोन काठ

पक्षिअभ्यासकांच्या यादीत या जागेचे नाव जोडनाव आहे. २००४ मध्ये बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या पुढाकाराने भारतातील पक्ष्यांच्या दृष्टीने महत्त्वाच्या क्षेत्रांचा मोठा ग्रंथ निघाला. त्यात मुंबईच्या पूर्व किनाऱ्यावरच्या चिखलपट्ट्याची नोंद 'माहुल-शिवडी खाडी' अशी झाली. त्या नोंदीत माहुल आधी येते आणि शिवडी नंतर. आज मात्र रोहित पक्षी, म्हणजे आपले अग्निपंख किंवा फ्लेमिंगो, पाहायला निघालेल्या मुंबईकराला विचारा, तो 'शिवडीला चाललोय' असेच म्हणेल. माहुलचे नाव घेतले की त्याला कारखाने, धूर आणि प्रकल्पग्रस्तांच्या इमारती आठवतील. फोनवर दोन्ही नावे शोधून पाहिली तर एका नावाखाली गुलाबी थवे दिसतात आणि दुसऱ्या नावाखाली मोर्चे.

चिखल एकच आहे. भरतीचे पाणी दोन्ही काठांवर एकाच वेळी चढते. मग एका काठाला प्रेक्षक मिळाला आणि दुसऱ्याला मिळाला नाही, हे कसे झाले? समाजमाध्यमांमुळे लोक निसर्गाकडे वळले, की निसर्गाची नासाडी झाली, असा वाद आपल्याकडे दर पावसाळ्यात रंगतो. मला तो वाद अपुरा वाटतो. चित्र माणसाला एखाद्या जागेपर्यंत आणते हे खरेच, पण तिथे पोचल्यावर त्याने काय पाहायचे आणि काय पाहायचे नाही हेही तेच चित्र बव्हंशी ठरवते. माहुल-शिवडीचा गेल्या तीसेक वर्षांचा इतिहास या दृष्टीने पाहण्यासारखा आहे.

वाट दाखवणारे

लोकांनी चित्र किंवा वर्णन पाहून रानावनात जाणे ही फोनने आणलेली गोष्ट नव्हे. १८५० मध्ये ठाण्याचा कलेक्टर ह्यू मॅलेट माथेरानचा डोंगर चढला आणि थोड्याच वर्षांत मुंबईच्या साहेबांची नि शेटियांची तिथे घरे उठली. १९०७ मध्ये आदमजी पीरभॉय यांच्या घराण्याने नेरळहून छोटी आगगाडी वर नेली आणि डोंगर मध्यमवर्गाच्या आवाक्यात आला. पुढे गो. नी. दांडेकरांच्या लेखनाने मराठी तरुणांच्या दोन-तीन पिढ्यांना किल्ल्यांवर नेले. पुस्तक वाचून गडावर जाणारा माणूस आणि रील पाहून धबधब्यावर जाणारा माणूस यांच्या मूळ ओढीत मला फारसा फरक दिसत नाही.

फरक आहे तो मधल्या माणसात. १९३६ ते १९३९ या काळात सलीम अली आणि हुमायूँ अब्दुलअली यांनी मुंबई आणि साष्टीच्या पक्ष्यांवर लेखमाला लिहिली. १९४१ मध्ये सलीम अलींचे भारतीय पक्ष्यांवरचे प्रसिद्ध पुस्तक आले. या लेखनातून पक्षी कुठे दिसतो हे कळत होतेच, पण त्याच्या सोबतीने ऋतू, सवयी, खाणे, घरट्याची वेळ हेही कळत होते. ठिकाणाची माहिती सुटी मिळत नव्हती, ती इतर ज्ञानाच्या गाठोड्यात बांधलेली असे. शिवाय वाचक थोडे होते आणि त्यांतले बहुतेक कुणा जाणत्याचे बोट धरूनच प्रत्यक्ष जागेवर जात. किल्ल्यांचेही तसेच होते. गावातला वाटाड्या, क्लबातला दादा, रात्री मुक्कामाला घर देणारी मावशी अशी एक साखळी असे. ती साखळी गर्दीला गाळून घेत होती. तिच्यात जात, वर्ग आणि इंग्रजी यांचीही गाळणी होती हे विसरून चालणार नाही. जुन्या काळाचे गोडवे गाताना आपण नेमके तेच विसरतो.

पाखरे आणि पाहुणे

मुंबईच्या खाडीत रोहित मोठ्या संख्येने येऊ लागले ते १९९०च्या दशकात. त्यांत बहुसंख्य धाकटे रोहित, सोबत थोडे मोठे रोहित. साधारण नोव्हेंबरपासून मे महिन्यापर्यंत त्यांचा मुक्काम असतो. हे पक्षी मुख्यतः गुजरातकडून येतात. कच्छच्या मोठ्या रणातल्या त्यांच्या वसाहतीला सलीम अलींनी १९४५ मध्ये भेट दिली होती, आणि 'फ्लेमिंगो सिटी' हे तिचे नाव त्यांच्या लेखनाने पक्षिजगतात रूढ केले. त्या शहरातले रहिवासी अर्ध्या शतकाने माणसांच्या शहरात उतरू लागले, आणि तेही त्याच्या सर्वांत मळकट कोपऱ्यात.

ते इथेच का उतरले याचे उत्तर रम्य नाही. धाकटा रोहित डोके उलटे धरून चोचीने पाणी गाळतो आणि त्यातले सूक्ष्म शेवाळ खातो. त्याचा गुलाबी रंगही त्या खाण्यातल्या रंगद्रव्यातूनच येतो. ठाण्याच्या खाडीत आणि माहुल-शिवडीच्या चिखलात शेवाळ माजते, कारण महानगराचे सांडपाणी तिथे पोचते आणि त्यातून शेवाळाला भरपूर खत मिळते. अभ्यासकांनी रोहितांच्या आगमनाशी या सांडपाण्याचा संबंध जोडला आहे. ज्या छायाचित्राला आपण शुद्ध निसर्ग म्हणून दाद देतो, त्याच्या रंगात आपल्याच मोऱ्यांचा हात आहे.

सुरुवातीला शिवडीच्या धक्क्यावर येणारे पक्षिनिरीक्षक एकमेकांना ओळखत. मग वर्तमानपत्रांच्या पुरवण्यांतून रंगीत छायाचित्रे येऊ लागली, बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीचा फ्लेमिंगो महोत्सव भरू लागला, शाळांच्या सहली आल्या. या टप्प्यावर साखळी लांबली होती, पण तुटली नव्हती. महोत्सवात दुर्बीण लावून देणारा स्वयंसेवक असे, आणि मुख्य म्हणजे महोत्सवाची वेळ भरती पाहून ठरत असे.

या जागेचे सारे रहस्य भरतीत आहे. पूर्ण ओहोटीला पक्षी दूर चिखलात पांगलेले असतात. पाणी चढू लागले की ते त्याच्यापुढे सरकत काठाकडे येतात, आणि पूर्ण भरतीला बसायला जागा उरली नाही की उडून दुसरीकडे जातात. म्हणजे जवळून पाहण्याची वेळ मोजक्या तासांची. कोळ्यांना हे पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे. तिथीच्या आकड्याची पाऊणपट केली की मुंबईच्या किनाऱ्यावरची भरतीची वेळ साधारण हाती लागते, हा किनाऱ्यावरचा जुना हिशेब. अष्टमीला सहाच्या सुमारास, पौर्णिमेला बाराच्या आत-बाहेर. फोनवरचे छायाचित्र मात्र लोकेशन सांगते, तिथी सांगत नाही.

शिवडीच्या धक्क्यावर मी हा घोटाळा अनेकदा पाहिला आहे. रविवारी सकाळी कुटुंबेच्या कुटुंबे येतात आणि ओहोटी असते. समोर अर्ध्या-पाऊण किलोमीटरवर एक फिकट गुलाबी रेघ. 'फोटोत तर केवढे मोठे होते!' असे एखादे पोर म्हणते आणि वडील फोनचा झूम ताणून बघतात. त्यांनी घरी पाहिलेले चित्र लांब पल्ल्याच्या भिंगाने काढलेले असते. ते भिंग पक्षी जवळ आणते आणि मागचे सगळे धूसर करते. शिवडीहून पूर्वेकडे पाहिले तर मागे काय असते? माहुलच्या तेलाच्या टाक्या, चिमण्या, आणि त्यांच्यामागे तुर्भ्याचा डोंगर. पक्ष्याला पुढे आणणारी आणि माहुलला पुसणारी काच एकच. यात छायाचित्रकाराचा काही कट नाही, चांगल्या छायाचित्राची ती रीतच आहे. पण लाखो फोनवर तेच चित्र फिरत राहिले की त्या रीतीचा परिणाम भूगोलावर होतो.

फोनचा काळ

इन्स्टाग्राम ऑक्टोबर २०१० मध्ये आले. सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ आले आणि चलच्चित्र पाहणे-पाठवणे आपल्याकडे जवळपास फुकट झाले. जून २०२०च्या अखेरीस टिकटॉकवर बंदी आली आणि पुढच्याच महिन्यात इन्स्टाग्रामने भारतात रील्स सुरू केल्या. या दहा वर्षांत मधल्या माणसांची साखळी जवळजवळ नाहीशी झाली. चित्र आणि पाहणारा यांच्यामध्ये आता नकाशावरची एक लाल खूण तेवढी उरली.

सातारजवळच्या कास पठाराने हा बदल सर्वांत आधी अनुभवला. त्या पठारावर सपुष्प वनस्पतींच्या साडेआठशेहून अधिक जाती नोंदल्या आहेत. २०१० च्या आसपास वर्तमानपत्रे आणि फेसबुक यांच्या संयुक्त प्रतापाने तिथे सप्टेंबरात जत्रा लोटू लागली. २०१२ मध्ये पश्चिम घाटाला जागतिक वारशाचा दर्जा मिळाला आणि त्यात कासचे नाव आल्याने गर्दीला आणखी निमित्त मिळाले. मग कुंपण, शुल्क, दिवसाला तीन हजारांची मर्यादा, आगाऊ नोंदणी असे उपाय आले. कुंपणाने माणसे अडली, तशी गुरेही अडली. चराई थांबल्याने फुलांचेच नुकसान होते आहे असे अभ्यासक म्हणू लागले आणि पुढे जाळी काढण्यापर्यंत गोष्ट गेली. भंडारदऱ्याच्या परिसरात काजव्यांच्या हंगामात गाड्यांचे दिवे इतके झाले, की काजव्यांसाठी अंधार राखायला वनखात्याला नियम करावे लागले. ३० जून २०२४ रोजी लोणावळ्यात भुशी धरणामागच्या धबधब्यात एकाच कुटुंबातले पाच जण वाहून गेले. त्यानंतर निघालेल्या पुणे जिल्ह्याच्या मनाई आदेशात सेल्फी आणि रील यांचाही उल्लेख करावा लागला.

हे केवळ आपल्याकडचे नाही. आइसलंडमधली फ्यादरारग्लुफुर नावाची दरी २०१५ मध्ये एका लोकप्रिय गायकाच्या चित्रफितीत झळकली आणि पावलांनी तुडवली जाऊन २०१९ मध्ये काही काळ बंद ठेवावी लागली. अमेरिकेतल्या जॅक्सन होल इथल्या पर्यटन मंडळाने २०१८ मध्ये पाहुण्यांना विनवले, की छायाचित्र टाका, पण नेमके ठिकाण सांगू नका. पर्यटन वाढवणे हेच ज्या मंडळाचे काम, त्यानेच अशी विनवणी करावी यात सगळे आले.

माहुल-शिवडीला या लाटेत पायदळी तुडवले जाण्याचा धोका कमी होता, कारण चिखलच रखवालदार आहे. गुडघाभर, कमरेभर रुतवणाऱ्या त्या पट्ट्यात कोळ्याखेरीज कुणी उतरत नाही. इथे लाटेने वेगळे काम केले. २०२० च्या टाळेबंदीत नवी मुंबईतल्या नेरूळजवळच्या तळव्याच्या पाणथळीची आकाशातून घेतलेली छायाचित्रे जगभर फिरली. माणूस घरात बसला आणि निसर्ग परतला, असा मजकूर त्यांच्याखाली होता. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या अंदाजाने त्या वर्षी रोहितांची संख्या आदल्या वर्षाहून सुमारे पंचवीस टक्क्यांनी अधिक होती. पण तिच्या अभ्यासकांनी दिलेले एक मुख्य कारण आधीच्या यशस्वी विणीचे होते. माणसांचा वावर थांबल्याचा वाटा त्यात असेल, पण पक्षी परतले नव्हते, ते पंचवीस वर्षे येतच होते. आपण पहिल्यांदा पाहिले, तेव्हाच ते आले असे आपल्याला वाटले.

दुसरा काठ

शिवडी मुंबई शहर जिल्ह्यात येते, माहुल उपनगर जिल्ह्यात. कोळी-आगरी वस्तीच्या या जुन्या गावाशेजारी १९५०च्या दशकात स्वतंत्र भारताचे मोठे उद्योग येऊन बसले. १९५४ मध्ये स्टॅनव्हॅकचा (पुढे एस्सोचा) आणि १९५५ मध्ये बर्मा शेलचा तेलशुद्धीकरण कारखाना सुरू झाला. पुढे १९७०च्या दशकात राष्ट्रीयीकरण होऊन त्यांचे हिंदुस्थान पेट्रोलियम आणि भारत पेट्रोलियम झाले. डोंगरापलीकडे १९५४ पासून अणुऊर्जेचे केंद्र. नंतर खतांचा कारखाना, रसायने साठवणाऱ्या टाक्या. यांतल्या अनेक ठिकाणी छायाचित्रणाला मनाई आहे आणि सुरक्षेच्या दृष्टीने ती समजण्यासारखी आहे. पण त्यामुळे असे झाले, की शिवडीचा काठ छायाचित्रासाठीच उघडा राहिला आणि माहुलच्या काठावर कॅमेरा काढताना माणूस आधी इकडेतिकडे पाहू लागला.

२०१३ मध्ये केईएम रुग्णालयाच्या पाहणीत माहुल आणि आंबापाडा परिसरातल्या ६७.१ टक्के लोकांनी महिन्यातून तीनहून अधिक वेळा श्वासाचा त्रास होत असल्याचे सांगितले. गावकरी राष्ट्रीय हरित लवादाकडे गेले. डिसेंबर २०१५ मध्ये लवादाने तिथल्या हवेपासून रहिवाशांच्या आरोग्याला धोका असल्याचे मान्य केले. हे सारे कागदावर असताना २०१७ पासून तानसा जलवाहिनीच्या कडेची घरे पाडून तिथल्या कुटुंबांना माहुलच्या वसाहतीत धाडण्यात आले. बहात्तर इमारती, सतरा हजारांवर घरे. २०१८-१९ मध्ये या रहिवाशांनी विद्याविहारला रस्त्याच्या कडेला महिनोन्‌महिने धरणे धरले. २०१९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्यांना तिथे राहायची सक्ती करता येणार नाही, दुसरीकडे घर द्या किंवा दरमहा पंधरा हजार भाडे द्या, असे सांगितले. ऑगस्ट २०२० मध्ये हरित लवादाने चार कंपन्यांना मिळून २८६ कोटी रुपयांच्या भरपाईचा आदेश दिला.

तारखा जुळवून पाहाव्यात. २०२० च्या एप्रिल-मे महिन्यांत खाडीच्या गुलाबी छायाचित्रांनी जग हरखले आणि त्याच वर्षीच्या ऑगस्टात त्याच खाडीच्या काठच्या हवेचा निकाल लागला. पहिली गोष्ट ठाऊक नसलेला मुंबईकर विरळा. दुसरी ठाऊक असलेला तितकाच विरळा. २०२५ मध्ये पालिकेने माहुलमधली ९,०९८ घरे आपल्या कर्मचाऱ्यांना १२ लाख ६० हजार रुपयांत विकायला काढली. मुंबईत या किमतीला घर मिळणे ही स्वप्नातली गोष्ट, तरी प्रतिसाद अगदी थंड होता. पक्षी पाहायला लोकल बदलून येणारे शहर, त्याच खाडीच्या दुसऱ्या काठावर स्वस्तातही राहायला तयार नाही.

माहुलच्या रहिवाशांनीही फोन वापरला. वसाहतीतल्या तुंबलेल्या गटारांची, काळ्या पडलेल्या भिंतींची, दवाखान्याच्या रांगांची चित्रे त्यांनी काढली, पाठवली. ती त्यांच्या कामी आलीही, पण ती पाहून माहुलला कुणी भेट द्यायला गेले नाही. एका काठाच्या चित्राने 'या' म्हटले, दुसऱ्याच्या चित्राने 'आम्हाला इथून न्या'. समाजमाध्यमांवर पहिली हाक जितकी पसरते तितकी दुसरी पसरत नाही, कारण सुटीच्या दिवशी काय करावे याचे उत्तर पहिलीत असते.

पाहणाऱ्याची साक्ष

मग पाहायला येणाऱ्यांचा काहीच उपयोग नाही का? खाडीच्या पलीकडच्या काठाने याचे उत्तर वेगळे दिले आहे. नेरूळच्या पाणथळींवर गोल्फचे मैदान आणि इमारती करण्याचा बेत होता. शेजारच्या रहिवाशांनी वर्षानुवर्षे पक्ष्यांच्या नोंदी आणि छायाचित्रे जमवली होती. प्रकरण न्यायालयात गेले आणि नोव्हेंबर २०१८ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने जमिनीच्या वापरातला तो बदल रद्द केला. पुढे वाद सर्वोच्च न्यायालयात पोचला. २०२४ मध्ये नेरूळच्या डीपीएस तलावात पाणी येण्याची वाट बुजली, तलाव सुकला आणि रोहित मरू लागले. मेलेल्या पक्ष्यांची छायाचित्रे फिरली, समिती बसली, आणि २०२५ मध्ये राज्य वन्यजीव मंडळाने त्या तलावाला संवर्धन राखीव क्षेत्र म्हणून मान्यता दिली. मे २०२४ मध्ये घाटकोपरवर विमानाच्या धडकेने सुमारे चाळीस रोहित मेले, तेव्हाही रस्त्यावर पडलेल्या पक्ष्यांची पहिली खबर रहिवाशांकडूनच गेली.

या प्रकरणांत एक गोष्ट समान आहे. चित्र फोनवर थांबले नाही. त्याला तारीख जोडली गेली, ठिकाण जोडले गेले, ते अर्जाला टाचले गेले, वकिलाच्या फायलीत गेले. पाहणारा साक्षीदार झाला. ऑगस्ट २०१५ मध्ये जाहीर झालेल्या ठाणे खाडी फ्लेमिंगो अभयारण्याला १,६९० हेक्टर क्षेत्र मिळाले, २०२२ मध्ये त्याला रामसर पाणथळीचा दर्जा मिळाला आणि ऐरोलीहून भरतीच्या वेळा पाळून वनखात्याच्या बोटी फिरू लागल्या. तुटलेली साखळी तिथे काही प्रमाणात पुन्हा जोडली गेली. पण अभयारण्याची हद्द उत्तरेकडे आहे. ज्या चिखलाच्या छायाचित्रांनी मुंबईला रोहितांचे वेड लावले, तो माहुल-शिवडीचा पट्टा तिच्याबाहेर राहिला.

१२ जानेवारी २०२४ रोजी त्या पट्ट्यावरून २१.८ किलोमीटरचा अटल सेतू सुरू झाला. पहिल्याच दिवसांत लोक गाड्या थांबवून छायाचित्रे काढू लागले आणि पोलिसांना दंड करावा लागला. सेतूवर रोहितांसाठी आवाज अडवणारे पडदे आहेत, आणि पुढे अणुसंशोधन केंद्राच्या बाजूला नजर अडवणारे. माहुलकडची नजर आता शब्दशः अडली आहे.

पडदे काढा असे मी म्हणणार नाही, लोकांनी छायाचित्रे काढू नयेत असेही नाही. या खाडीला प्रेक्षक हवेतच. मागणी साधी आहे. जिथे जिथे या पक्ष्यांचे चित्र टाकले जाते तिथे 'माहुल-शिवडी' हे पूर्ण नाव लिहावे, तारीख आणि भरतीची वेळ लिहावी, आणि शक्य तेव्हा मागच्या चिमण्या चौकटीत येऊ द्याव्यात. हंगामी गणनेच्या आकड्यांशेजारी त्याच आठवड्यातले पाण्याचे आणि हवेचे मोजमाप छापावे. ज्या पाण्यात शेवाळ माजल्याने पक्षी येतात आणि ज्या हवेने मुले खोकतात, ती एकाच शहराने सोडलेली आहेत. उद्या सांडपाण्याची नीट व्यवस्था झाली तर कदाचित थवे कमी होतील. त्या दिवशी गुलाबी छायाचित्र गेले म्हणून हळहळायचे, की माहुलचा श्वास मोकळा होऊ लागला म्हणून समाधान मानायचे, हे शहराने आधीच ठरवायला हवे. त्यासाठी निदान दोन्ही काठ एकदा एकाच चित्रात पाहिलेले असावेत.